जामिनाचा रस्ता आहे म्हणून हेबियस कॉर्पस नाकारावी का?

रानवाट:
कुणाला पोलिसांनी उचललं आणि घरचे हायकोर्टात हेबियस कॉर्पस (बेकायदा डांबलेल्या माणसाला सोडवण्याची याचिका) घेऊन गेले, की बहुतेकदा ठरलेलं उत्तर मिळतं. आरोपी मॅजिस्ट्रेटच्या रिमांडवर, म्हणजे त्यांच्या आदेशाने कोठडीत आहे, जामीन मागा. मला हे पटत नाही. आधी पर्यायी उपाय वापरा, हा कलम २२६ चा (हायकोर्टात थेट दाद मागायच्या घटनेतल्या कलमाचा) नियम कोर्टांनी स्वतःवर घालून घेतलेला आहे, घटनेत तो लिहिलेला नाही. कराच्या वादात तो ठीक, कारण अपील लांबलं तरी पैसे परत मिळू शकतात. कोठडीतले दिवस कोण परत देणार?

२८ ऑगस्ट २०१८ आठवा. भीमा कोरेगाव प्रकरणात पुणे पोलिसांनी मानवी हक्क कार्यकर्ते गौतम नवलखांना दिल्लीत अटक केली आणि तिथल्या साकेत कोर्टातून ट्रान्झिट रिमांड (आरोपीला दुसऱ्या राज्यात न्यायची परवानगी) घेतला. त्याच दिवशी दिल्ली हायकोर्टात हेबियस कॉर्पस लागली. न्यायमूर्तींनी कागद बघितले तर बहुतेक मराठीत! मग दिल्लीच्या मॅजिस्ट्रेटनी काय वाचून सही केली? १ ऑक्टोबरला न्या. मुरलीधर आणि न्या. गोयल यांनी तो रिमांड रद्द केला. नुसतं 'जामीन मागा' म्हणून पाठवलं असतं तर हे कागद इतक्या लवकर कुणी तपासले असते?

कोर्टपायरी:
सेशन्स कोर्टात वकिली करते, म्हणून विरोधी बाजू मांडते. हेबियस कॉर्पसमध्ये कोर्ट एवढंच विचारतं, की माणूस कुठल्या अधिकाराने डांबलाय. मॅजिस्ट्रेटचा आदेश दाखवला की उत्तर मिळालं. आदेश चुकला असेल तर त्याला आव्हान द्यायची जागा वेगळी. ठाण्याच्या कॉल रेकॉर्ड प्रकरणात मुंबई हायकोर्टाने अटकेतल्या वकिलाला हेबियस कॉर्पसवर सोडलं होतं. २०१८ मध्येच सुप्रीम कोर्टाने तो आदेश रद्द केला, कारण तेव्हा रिमांड चालू होता.

आणि हे दार उघडलंत तर आत कोण शिरेल? अर्णब गोस्वामींना ४ नोव्हेंबर २०२० ला अटक झाली. हायकोर्टातल्या त्यांच्या अर्जात हेबियस कॉर्पसची मागणीही होती. ९ तारखेला हायकोर्टाने अंतरिम जामीन नाकारला आणि सांगितलं, सेशन्स कोर्टात जा, ते चार दिवसांत निकाल देईल. ११ तारखेला सुप्रीम कोर्टाने सोडलं. ते होते त्या तळोजा तुरुंगातल्या इतर कच्च्या कैद्यांपैकी किती जणांना हे जमलं असतं? माझ्या अशिलांच्या जामीन अर्जावर सरकारी पक्षाचा 'से' (लेखी म्हणणं) यायलाच दोन तारखा जातात.

रानवाट:
म्हणजे तुमचा पर्यायी उपाय गरिबाला लवकर मिळतच नाही, हे तुम्हीच सांगितलंत. केरळचे पत्रकार सिद्दिक कप्पन यांचं बघा. ५ ऑक्टोबर २०२० ला हाथरसच्या वाटेवर मथुरेत अटक. केरळच्या पत्रकार संघटनेने सुप्रीम कोर्टात हेबियस कॉर्पस टाकली, तर अलाहाबाद हायकोर्टात जायला सांगितलं. त्याच नोव्हेंबरात तेव्हाचे सरन्यायाधीश बोबडे म्हणाले, कलम ३२ च्या (थेट सुप्रीम कोर्टात येणाऱ्या) याचिकांना आम्ही परावृत्त करतोय. कप्पन बाहेर आले फेब्रुवारी २०२३ मध्ये. उपाय कागदावर होताच की!

कोर्टपायरी:
ते जामिनाच्या कोर्टांचं अपयश. तीच सुधारा ना.

घाटमाथा:
मुलांच्या ताब्याची प्रकरणं या वादात कुणीच आणली नाहीत. आई वारल्यावर मावश्यांकडे राहिलेली लहान मुलगी मुंबई हायकोर्टाने हेबियस कॉर्पसवर वडिलांकडे दिली आणि सुप्रीम कोर्टाने मे २०१९ मध्ये ते कायम केलं. १८९० च्या पालकत्वाच्या कायद्याचा रस्ता तिथेही होता. पण कोर्ट म्हणालं, ताबाच बेकायदा असेल तर हेबियस कॉर्पस चालेल; सविस्तर चौकशी लागणार असेल तर दिवाणी कोर्टात जा. अटकेलाही हीच कसोटी लावा. नुसते कागद बघून बेकायदेशीरपणा दिसत असेल तर हायकोर्टाने माणसाला परत का पाठवावं?

रानवाट:
अगदी बरोबर. आणि हे कायद्याबाहेरचं नाही. नवलखांच्याच प्रकरणात सुप्रीम कोर्टाने मे २०२१ मध्ये सांगितलं, की रिमांड पूर्णपणे बेकायदा, अधिकार नसताना किंवा यांत्रिकपणे दिलेला असेल तर हेबियस कॉर्पस चालते. रिमांडचे कागद न बघता तो यांत्रिक आहे की नाही हे कळणार कसं? म्हणून आधी केस डायरी (पोलिसांची तपासाची रोजची नोंदवही) आणि रिमांड अर्ज मागवा, याचिका चालते की नाही ते मग ठरवा.

कोर्टपायरी:
कागद मागवायला माझी ना नाही. फक्त ते वाचून हायकोर्ट पुरावा तोलायला बसलं, की तो जामीन अर्जच झाला. मग तो खालच्या कोर्टात चालू द्या, आणि तिथे 'से' साठी दुसरी तारीख देणं बंद करा.