धागा: बस ड्रायव्हरच्या पायासाठी स्पॅगेटी, कौतुक करायचं की लाज वाटून घ्यायची?

ओहायोवाला
मंडळी, 'अमेरिकेत शेजारी मेला तरी कळत नाही' हे वाक्य आमच्या आत्यापासून सगळे फेकतात आणि इकडे येईपर्यंत मी पण फेकायचो. तर गेल्या शनिवारी आमच्या गावच्या फायर हॉलमध्ये, म्हणजे अग्निशमन दलाच्या हॉलमध्ये, एकाच्या मदतीला पैसे जमवायला स्पॅगेटी डिनर होतं. गाव म्हणजे एक सिग्नल, दोन चर्च, एक डॉलर स्टोअर, संपलं. शाळेच्या बसचा ड्रायव्हर आहे, साठीचा, डायबेटिसमुळे डावा पाय गुडघ्याखाली कापला, इन्शुरन्स आहे पण डिडक्टिबल, म्हणजे इन्शुरन्सने द्यायच्या आधी आपल्या खिशातून जायची रक्कम, भरून भरून कंबर मोडली आणि घरी बसल्यापासून पगार बंद. दहा डॉलरला ताट: स्पॅगेटी, गार्लिक ब्रेड, सॅलडच्या नावाखाली लेट्यूसची चार पानं आणि केकचा चौकोनी तुकडा. भिंतीला लागून सेलोफेनमध्ये गुंडाळलेल्या बास्केट, प्रत्येकीपुढे एक कागदी पिशवी, जी बास्केट पाहिजे तिच्या पिशवीत आपलं सोडतीचं तिकीट टाकायचं. कुणी दारूच्या बाटल्यांची बास्केट दिलेली, कुणी स्क्रॅच लॉटरीच्या तिकिटांचं झाड करून आणलेलं, आणि खुद्द पेशंटने दिलेली बास्केट काय, तर पाच बूट, सगळे डाव्या पायाचे, अकरा नंबर. वर चिठ्ठी, 'फारसे वापरलेले नाहीत'. हॉल लोळत होता हसून. आमच्या समोरच्या बाईने ती जिंकली, आता बुटांत झेंडू लावणार म्हणते.
फिफ्टी-फिफ्टीची सोडत निघाली, म्हणजे जमलेल्या पैशातले अर्धे जिंकणाऱ्याला, तर जिंकलेल्या म्हाताऱ्याने ते तिथल्या तिथे परत पेटीत टाकले. तसंच करायचं असतं म्हणे, मला बायकोने कोपराने ढोसून सांगितलं.
मला तरी वाटतं ही माणसं आपल्यापेक्षा घट्ट धरून आहेत एकमेकांना. बोला.

पावशेर
ताट छान वाढलंत. पण जगातल्या एवढ्या श्रीमंत देशात एका ड्रायव्हरच्या पायासाठी गावाला शेवया उकडाव्या लागतात यात कौतुक कसलं ते मला कळेना. आजारपणाची रजा घ्यायची तर १९९३ चा कायदा बारा आठवडे देतो, तीही बिनपगारी, आणि कंपनीत निदान पन्नास माणसं असतील तरच. नोकरी गेली की इन्शुरन्स जातो, मग तोच पुढे चालू ठेवायचा तर कंपनीचा वाटा पण आपणच भरायचा, वर दोन टक्के. त्या कायद्याला लोक कोब्रा म्हणतात, आता याच्यावर मी अजून काय विनोद करू.

ओहायोवाला
पावशेरराव, सिस्टीम भिकार आहे याला मी कुठे नाही म्हटलं? मी माणसांबद्दल बोलतोय. ज्या हॉलमध्ये जेवण होतं तिथले फायरमन सगळे बिनपगारी, दिवसा कुणी प्लंबर कुणी शेतकरी. देशातले साधारण दोन-तृतीयांश फायरमन असेच स्वयंसेवक आहेत. फ्रँकलिनने फिलाडेल्फियात १७३६ मध्ये असंच पथक काढलेलं, म्हणजे देश जन्मायच्या आधीपासूनची खोड आहे ही.

पावशेर
आणि बंबाचे पैसे कुठून येतात?

ओहायोवाला
थोडे टॅक्समधून. बाकी पॅनकेक ब्रेकफास्ट, आणि लेंटमधल्या, म्हणजे ईस्टरआधीच्या उपवासाच्या दिवसांतल्या, शुक्रवारी फिश फ्राय.

पावशेर
बंबसुद्धा पॅनकेकवर! माझं म्हणणं संपलं.

सायली_फिजिओ
मी पश्चिम पेनसिल्व्हेनियात नर्सिंग होममध्ये फिजिओ आहे, पाय कापलेल्या माणसांना परत उभं करणं हेच माझं रोजचं काम, म्हणून राहवलं नाही. तुम्ही सांगताय ते अगदी खरंय, माझ्या काही पेशंटच्या खोलीत लोकांनी ओव्हनमध्ये करून आणलेल्या कॅसरोलचे डबे ठेवायला जागा नसते. पण अशाच एकाच्या शेजारच्या बेडवर एक जण होता, तरुणपणी नशेच्या गोळ्यांच्या नादी लागलेला, सगळ्यांकडून पैसे बुडवलेला, मुलं बोलत नाहीत. त्याच्यासाठी कोण स्पॅगेटी शिजवणार? जो आवडता आहे, चर्चला येतो, ज्याने गावाची पोरं वीस वर्षं बसमधून नेली, त्याच्यासाठी हॉल भरतो. तिरसट माणसाला पण पाय लागतोच ना हो.
त्याला मोजे कुणी आणून दिले माहितीये? तिथल्या नर्सिंग असिस्टंटने, जिला बर्गर विकणाऱ्या पोरापेक्षा थोडेच जास्त मिळत असतील. तो तिला रोज सकाळी म्हणायचा, लवकर आवर, मला डान्स क्लासला उशीर होतोय. ती पण म्हणायची, पार्टनर खाली थांबलीये. सहा महिने हाच एक जोक, रोज, आणि रोज दोघं हसायची.

रांगडा_गडी
कोल्हापुरातनं बोलतोय. पावशेर, आपल्याकडं काय वेगळं हाय? महात्मा फुले योजना हाय, पण कागदं गोळा करंस्तोवर पेशंट हातात ऱ्हात न्हाई, आणि यादीत न बसलेल्या आजाराला परत गल्लीतल्या मंडळाची वर्गणी आणि व्हॉट्सॲपवर क्यूआर कोड. फरक एवढाच की आपण मदत केली की देणाऱ्याचा फोटो फ्लेक्सवर मोठा आणि पेशंटचा खाली कोपऱ्यात. तिथं निदान दहा डॉलर टाकून माणूस जेवून तरी जातोय, घेणाऱ्याला पण वाटतंय की आपण ताट दिलं, फुकट घेतलं न्हाई. आणि बुटांचा जोक! आमच्या चुलत्याच्या पायावर कोण असं बोललं असतं तर पहिल्यांदा तोच मारला असता चुलत्यानं.

मीनल_ह्यूस्टन
ओहायोवाला, तुमचं गाव म्हणजे अख्खी अमेरिका नाही हं. मी अठरा वर्षं ह्यूस्टनच्या सबर्बमध्ये आहे, इथे कॅसरोल वगैरे काही येत नाही, गवत दोन इंच वाढलं की सोसायटीचं पत्र मात्र येतं. शेजाऱ्याचं आणि माझं त्याच्या कुत्र्यावरून तीन वर्षं बोलणं बंद होतं, म्हणजे कुत्रा येऊन आमच्या लॉनवर कार्यक्रम करायचा. मग २०१७ ला हार्वे चक्रीवादळ आलं, पाणी कंबरेला, आणि हाच माणूस मासे पकडायची बोट घेऊन दारात, माझ्या सासूबाईंना उचलून बोटीत बसवलं, वर विचारतो देवघरातले देव घ्यायचेत का, मी एक फेरी अजून मारतो. लुईझियानाहून लोक स्वतःच्या बोटी ट्रेलरवर टाकून आले होते, केजन नेव्ही म्हणतात त्यांना. सासूबाई अजून त्याला बोटवाला भाऊ म्हणतात.
पाणी ओसरलं. कुत्रा परत आमच्याच लॉनवर. पण आता मी काही बोलत नाही.

पावशेर
मीनलताई, पुरात माणसं चांगलीच वागतात, आपल्याकडे २००५ ला मुंबईत पण वागली. मला एखाद्या साध्या मंगळवारी दुपारी काय होतं ते सांगा. तुमच्या टेक्ससने मेडिकेड, म्हणजे गरिबांचा सरकारी आरोग्य विमा, वाढवलेलंच नाही, ओहायोने २०१४ ला वाढवलं. बोट येते, औषधाची चिठ्ठी येत नाही. आणि हा हसण्याचा प्रकार मला खटकतो तो यासाठी की बुटांवर हसून सगळे घरी गेले, चिडून कुणी गेलं का?

सायली_फिजिओ
पावशेर, चिडायला ताकद लागते हो, ती माणसं दोन शिफ्ट करून येतात. आणि तो पायाचा जोक तुमच्यासाठी नाहीच केलेला, समोरच्याला कुठे बघावं ते कळत नाही ना, त्याची सोय असते ती. माझे पेशंट हेच करतात, पहिल्या दिवशी मलाच हसवतात, बिचारी फिजिओ घाबरू नये म्हणून.
ओहायोवाला, एक कामाचं विचारते, पैसे कुणाच्या नावावर जमा केलेत? त्यांनी एसएसआयचा, म्हणजे गरीब अपंग-वृद्धांच्या सरकारी मदतीचा, अर्ज केला असेल तर एकट्या माणसाच्या नावावर दोन हजार डॉलरच्या वर शिल्लक चालत नाही, १९८९ पासून तोच आकडा आहे. एसएसडीआयला, म्हणजे नोकरी केलेल्यांच्या अपंगत्व भत्त्याला, ही मर्यादा नाही, पण त्याचे पैसे सुरू व्हायला पाच महिने थांबावं लागतं, मेडिकेअर, म्हणजे वृद्ध-अपंगांचा सरकारी आरोग्य विमा, त्याच्यानंतर अजून दोन वर्षांनी. गावाने प्रेमाने पैसे दिले आणि सरकारी मदत बंद झाली असं मी डोळ्याने बघितलंय. बँकेत टाकायच्या आधी लीगल एडला, म्हणजे मोफत कायदेशीर सल्ला देणाऱ्यांना, फोन करायला सांगा.

पावशेर
म्हणजे शेवया जास्त खपल्या तरी पंचाईत. वा.

ओहायोवाला
बाप रे. सायलीताई, आत्ता फायर चीफला फोन केला. अर्ज केलाय म्हणतो, पण कुठला ते ड्रायव्हरलाच माहीत नाही. आणि चेक त्याच्याच नावाने फाडलाय. नशीब एवढंच की अजून बँकेत गेला नाही, फ्रीजवर मॅग्नेटखाली लावून ठेवलाय त्याने, येणाऱ्या-जाणाऱ्याला दाखवायला.