मनाई हुकूम असताना चुलतभावाने रातोरात गडगा (दगडी कुंपण) घातला, २ए चा (हुकूम मोडल्याबद्दल शिक्षेचा) अर्ज करावा का? (बजेट २० हजार)

चाकरमानी_डोंबिवली
नमस्कार मंडळी. गाव राजापूर तालुक्यात, मी इकडे, आई एकटी गावाला. कलमांच्या बागेत जायची पायवाट चुलतभाऊ अडवतो म्हणून दावा लावला, मार्चमध्ये निशाणी ५ वर (तात्पुरत्या मनाईच्या अर्जावर) तात्पुरता मनाई हुकूम मिळाला, तेव्हा दोन्ही वकील हजर होते. आता गेल्या शनिवारी रात्री त्याने जेसीबी लावून वाट खणली आणि चिऱ्यांचा गडगा घातला, सकाळी आईचा फोन आला तेव्हा कमरेएवढा झालेला. पोलीस म्हणाले दिवाणी बाब आहे. वकील म्हणतात दिवाणी प्रक्रिया संहितेची ऑर्डर ३९ रूल २ए लावू. कोणी केलंय का, समोरचा खरंच आत जातो का? खर्च २० हजारांच्या वर झेपणार नाही, रजाही संपल्यात.

देवगडचा_आंबेवाला
मी केलंय. दोन तारखांत समोरचा हात जोडून माफीनामा लिहून मोकळा. पण वकील मुंबईहून आणला होता, सव्वा लाख गेले, एक पेटीसुद्धा विकायच्या आधी. अशा कामात पैशाकडे बघू नये.

चाकरमानी_डोंबिवली
दादा बजेट वर लिहिलंय.

कुडाळचो_झील
माझ्या दाव्याक सात वर्सां झाली. हुकूम मोडल्यान तो दुसऱ्याच म्हयन्यात, मी २ए चो अर्ज घातलंय, तेच्यावर अजून साक्षीच चलतत. जज तीन बदलले, वकील दोन, गडगो थयच आसा. कोण खय आत जातलो?

कायद्याचा_किडा
२ए कशाला, सरळ हायकोर्टात अवमान याचिका टाका, सहा महिने शिक्षा आहे. आता तर कोल्हापूरला सर्किट बेंच सुरू झालंय ऑगस्ट २०२५ पासून, रत्नागिरीकरांना मुंबईची फेरी नाही.

निवृत्त_नाझर
असले सल्ले देऊ नका हो. २ए चा रस्ता मोकळा असताना अवमान घेऊन गेलात तर आधी खाली जा म्हणूनच सांगतात बहुतेक वेळा. आणि घाट चढून कोल्हापूरला जाऊन तारीख घेणं २० हजारांत बसतं का?

मी ३१ वर्षं कोर्टात काढली म्हणून सांगतो, नीट वाचा. २ए हा १९७६ च्या दुरुस्तीने आलेला नियम. त्यात मिळकत जप्त होते आणि दिवाणी तुरुंगात जास्तीत जास्त तीन महिने ठेवता येतं. जप्ती वर्षाच्या वर चालत नाही, तरी माणूस ऐकत नसेल तर जप्त मिळकत विकून त्यातून तुम्हाला भरपाई देता येते. पण ही शिक्षा आहे, त्यामुळे पुरावा कडक मागतात. हुकुमाची माहिती होती हे दाखवावं लागतं, वकील हजर होते म्हणजे ते निम्मं झालं. खरी मेख पुढे आहे. हुकुमात सर्व्हे नंबर, हिस्सा, चतुःसीमा स्पष्ट आहे का ते आजच बघा. वाट नकाशात नसेल तर तो म्हणणार गडगा माझ्या हद्दीत आहे, आणि तुम्ही तिथेच अडकलात. त्यामुळे आधी ऑर्डर २६ रूल ९ खाली कोर्ट कमिशनर (जागेची पाहणी करून कोर्टाला अहवाल देणारा) मागा, पावसाच्या आधी. फोटो-व्हिडिओ काढलेत तर भारतीय साक्ष अधिनियम कलम ६३ चं (इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं) प्रमाणपत्र जोडा, नाहीतर फोटो नुसता फोटोच राहतो.

चिरेखाणवाला
गडगा कोरडा आहे की सिमेंटचा? कोरडा असेल तर जुलैत आपोआप ढासळतो, एक पैसा खर्च नको. शिवाय चिरा आता इतका महाग झालाय की रातोरात गडगा घालणाऱ्याकडे पैसा आहे हे समजून घ्या.

कायद्याचा_किडा
समी खान विरुद्ध बिंदू खान, सुप्रीम कोर्ट १९९८ वाचा. हुकूम नंतर रद्द झाला तरी मोडला तेव्हाचा गुन्हा पुसला जात नाही. म्हणजे त्याने अपिलात जाऊन हुकूम उठवला तरी तो सुटत नाही. आणि नाझरसाहेब, मी कोल्हापूरचं फक्त माहिती म्हणून सांगितलं होतं.

निवृत्त_नाझर
बरं.

देवगडचा_आंबेवाला
मी पुन्हा सांगतो, वकील भारीतला घ्या.

दाभोळची_मावशी
आमच्याकडे मोडलेला बांध पोलीस बंदोबस्तात काढून दिला होता, कोर्टाकडून दिवाणी संहितेच्या कलम १५१ खाली (कोर्टाचे अंगभूत अधिकार) हुकूम आणावा लागला. पण पोलिसांना चहा पाजण्यापासून सगळं आमच्याच डोक्यावर. आणि चाकरमानी दादा, आईला एकटीला त्या गडग्याजवळ जाऊ देऊ नका, जेसीबीवाल्याशी भांडायला गेली तर उलट तिच्यावरच तक्रार येईल.

चाकरमानी_डोंबिवली
सगळ्यांचे आभार. नाझरकाका, हुकूम काढून बघितला, हिस्सा नंबर आहे पण चतुःसीमा पूर्वेची चुकलेली, आणि गडगा तिथेच. म्हणजे वकिलाने दाव्यातच घोळ घातला. आधी दावा दुरुस्तीचा अर्ज, सोबत कमिशनर, आणि १५१ खाली वाट पूर्ववत करून द्या असा अर्ज. २ए टाकत नाही. मला भाऊ आत नकोय, वाट हवीय. शिवाय त्याच्या मुलीचं लग्न आहे मे मध्ये, आई म्हणाली तिच्या हळदीत बाप दिवाणी जेलात असं माझ्या नावावर नको.

कुडाळचो_झील
चूक करतस. लग्नाक तुका बोलवतलो नाय तो, लिवन ठेव.

निवृत्त_नाझर
२ए नाही टाकलात तरी मोडल्याची तारीख, वेळ आणि आईचं शपथपत्र आत्ताच करून ठेवा. मनं बदलतात.