कॉपी म्हटलं की चित्र वाईट होतं का?

पेंटरकाका, सातारा:
तीस वर्षं दुकानांचे बोर्ड रंगवले, फ्लेक्स आलं आणि ते काम बसलं, तेव्हापासनं तैलचित्रांच्या ऑर्डरी करतो. गेल्या महिन्यात सांगलीच्या प्रदर्शनात एक गृहस्थ माझ्या लक्ष्मीपुढं दहा मिनिटं उभे होते, डोळे भरून आलेले, पाकीट काढलं आणि विचारलं हे तुमचंच ना? म्हटलं नाही हो, रविवर्म्याच्या लक्ष्मीवरनं केलंय. पाकीट परत खिशात. चित्र तेच, रंग तेच, मग एका वाक्यानं त्यातलं काय गेलं? आजीच्या देवघरातली लक्ष्मी पण छापीलच होती, रविवर्म्यानं १८९४ ला मुंबईत छापखाना काढला म्हणून असली चित्रं घरोघरी आली. तिला कुणी डुप्लिकेट म्हटलं नाही, रोज हळदीकुंकू वाहिलं.

कृष्णाकाठ:
काका राग मानू नका, पण ते गृहस्थ चुकले असं मला नाही वाटत. कमळ कुठं, हत्ती कुठं, नजर कशी हे पहिल्यांदा कोणीतरी ठरवलं, चुकलं, पुसलं, खरं काम ते. औंधच्या भवानी संग्रहालयात रविवर्म्याची मूळ चित्रं आहेत, जवळनं बघा.

मिरजवाला:
मग आमच्या मिरजेत या. शिकलगार घराणी आधी हत्यारं घडवायची, मग तंबोऱ्याकडं वळली, पिढ्यान् पिढ्या तोच भोपळा तोच आकार, २०२४ ला जीआय, म्हणजे त्या गावचीच खास वस्तू असा सरकारी शिक्का मिळाला. गवई आला की नवीन आयडिया काय असं विचारत नाही, कान लावून जवारी, म्हणजे तारेची घुमती झणकार, ऐकतो आणि बोलला तर बोलला. चांगलं हातातनं येतं, डोक्यातनं नाही.

कृष्णाकाठ:
अहो तंबोऱ्यावर गवई स्वतःचं गाणं म्हणतो. दुसऱ्याचं गाणं तसंच्या तसं म्हटलं तर नकलाच म्हणता ना त्याला?

चित्रकलेच्या बाई:
हॉलंडचा चित्रकार व्हान मेगेरन आठवला. स्वतःची चित्रं व्हर्मीर या तिथल्याच जुन्या थोर चित्रकाराची म्हणून विकली, १९३७ ला मोठ्या तज्ज्ञानं त्यातलं एक डोक्यावर घेतलं. १९४५ ला देशाचा ठेवा म्हणून असलं चित्र नाझी पुढारी गोअरिंगला गेल्याबद्दल पकडला तर म्हणाला ते मीच काढलंय, आणि पहाऱ्यात आणखी एक काढून दाखवलं. आता ती चित्रं बघितली तर चेहरे जड वाटतात, पापण्या सुजल्यासारख्या, तेव्हा कुणाला दिसलं नाही कारण सगळे नाव बघत होते. तुमचे गृहस्थ पण शेवटी नावच बघून गेले. पण काका, मेगेरन खोटं बोलला, तुम्ही विचारल्याबरोबर खरं सांगितलंत, दोन्ही एका मापानं मोजू नका कुणी.

पेंटरकाका, सातारा:
बाई, पैशाचं दुःख नाही. कृष्णाकाठ म्हणतात ते रात्रभर डोक्यात राहिलं, ठरवलं कोणी. त्या लक्ष्मीच्या साडीचा लाल मी बदललाय, आजीच्या इरकलीचा घेतलाय, तेवढा एकच निर्णय माझा, आणि ते गृहस्थ नेमके साडीपाशीच थांबले होते. आता आजीच काढायला घेतलीय, देवघरापुढं बसलेली, वर भिंतीला ती छापील लक्ष्मी. आजीचे हात जमलेत, पण त्या तसबिरीची चौकट कसली होती तेवढं आठवंना झालंय, धाकट्या आत्याला विचारून बघतो.