आंद्रे मोरित्झसारखे ब्राझीलचे खेळाडू इतके देश का बदलतात?

नेरुळकर_सेक्टर१९ यांचा प्रश्न

१८ ऑक्टोबर २०१४ रोजी, इंडियन सुपर लीगच्या (आयएसएल) पहिल्याच मोसमात, आपल्या नेरुळच्या डी. वाय. पाटील स्टेडियमवर मुंबई सिटीने पुणे सिटीचा ५-० असा धुव्वा उडवला आणि त्या सामन्यात आंद्रे मोरित्झने केलेली हॅट्ट्रिक ही या स्पर्धेच्या इतिहासातली पहिली हॅट्ट्रिक ठरली. संघाच्या यादीत आनेल्का आणि युंगबर्ग यांच्यासारखी जगाला ठाऊक असलेली नावे होती, पण त्या रात्री नेरुळ स्टेशनकडे चालत निघालेल्या प्रेक्षकांच्या तोंडी मोरित्झचेच नाव होते. पुढच्या मोसमात मात्र तो मुंबईच्या संघात नव्हता.

नंतर मी त्याची कारकीर्द नीट पाहिली. जन्म १९८६ चा, दक्षिण ब्राझीलमधल्या फ्लोरियानोपोलिसचा. इंटरनॅसिओनाल आणि फ्लुमिनेन्से हे ब्राझीलमधले मोठे क्लब, मग तुर्कस्तानात कासिमपाशा, कायसेरीस्पोर आणि मेर्सिन, त्यानंतर इंग्लंडमध्ये क्रिस्टल पॅलेस आणि बोल्टन, मग मुंबई, पुढे दक्षिण कोरियात पोहांग स्टीलर्स आणि थायलंडमध्ये बुरीराम. माझा भाचा वाशीला एका अकादमीत खेळतो. ही यादी पाहून तो चटकन म्हणाला, "मामा, याला कुठेच टिकता आलेले नाही." मला हे पटत नाही, परंतु त्याला समजावून सांगण्याइतकी माहिती माझ्यापाशी नाही. अशी कारकीर्द नेमकी कशी वाचावी, हे जाणकारांनी कृपया सांगावे.

कोपरीचा_गोलरक्षक यांचे उत्तर

आपल्या भाच्याला दोष देता येणार नाही, कारण आपल्याकडे नोकरीचा विचार आजही एका जागी टिकण्यावरूनच होतो आणि खेळाडूलाही आपण तोच निकष लावतो. ब्राझीलच्या फुटबॉलची घडणच अशी आहे की तिथला व्यावसायिक खेळाडू पहिल्या दिवसापासून फिरतीवर असतो.

तिथे प्रत्येक राज्याची स्वतःची अजिंक्यपद स्पर्धा असते आणि ती पूर्वापार जानेवारीपासून साधारण एप्रिलपर्यंत चालत आली आहे. राष्ट्रीय पातळीवर ए, बी, सी आणि डी अशा चार श्रेणी आहेत, परंतु देशातल्या शेकडो क्लबांपैकी बहुतेकांना त्या चारही श्रेणींत जागा नसते. राज्याची स्पर्धा संपली की अशा लहान क्लबांपुढे उरलेल्या वर्षात फारसे सामनेच राहत नाहीत. मग ते खेळाडूंना बारा महिने पगार कशाला देतील? त्यामुळे तीन-चार महिन्यांचे करार तिथे सर्रास होतात आणि तिथल्या १९९८ च्या क्रीडा कायद्यानेही करार किमान तीन महिन्यांचा आणि कमाल पाच वर्षांचा असावा असे ठरवले. हाच तो पेलेच्या नावाने ओळखला जाणारा कायदा. त्याआधी करार संपला तरी खेळाडूवरचा हक्क क्लबकडेच राहत असे आणि क्लबच्या संमतीशिवाय त्याला दुसरीकडे जाता येत नसे. ती पद्धत २००१ मध्ये पूर्णपणे संपली आणि करार संपलेला खेळाडू खऱ्या अर्थाने मोकळा झाला. मात्र या मोकळेपणाबरोबर पुढच्या मोसमाची काळजीही त्याच्याच डोक्यावर आली.

मोरित्झ लहान क्लबमधून आलेला नाही, हे लक्षात घ्यायला हवे. इंटरनॅसिओनाल हा पोर्तु आलेग्रे शहरातला अव्वल क्लब असून त्याने डिसेंबर २००६ मध्ये बार्सिलोनाला १-० असे हरवून क्लब विश्वचषक जिंकला होता. अशा क्लबच्या युवा संघातून वर येणाऱ्या विशीतल्या मुलापुढे राखीव बाकावर वाट पाहत राहणे किंवा जिथे रोज खेळायला मिळेल तिथे जाणे असे दोनच मार्ग असतात. विशीतला मोरित्झ तुर्कस्तानला गेला आणि तिथल्या तीन क्लबांकडून खेळला. एकाच देशातल्या एकामागून एक क्लबांनी ज्याला घेतले, तो टिकला नाही असे कसे म्हणता येईल? त्या देशाच्या फुटबॉलमध्ये तो टिकलाच होता. त्याच्या पाठीवरचा क्लब तेवढा बदलत राहिला.

फॉर्म_तपासनीस (घोडबंदर) यांचे उत्तर

मी ठाण्यात स्थानिक क्लबांच्या नोंदणीचे काम पाहतो, त्यामुळे कागदांच्या बाजूने काही गोष्टी मांडतो. कारकीर्द वाचायची असेल तर क्लबांच्या नावांआधी तारखा पाहाव्यात.

परदेशात नोंदणी करायची तर आधीच्या देशाच्या महासंघाने आंतरराष्ट्रीय हस्तांतर प्रमाणपत्र द्यावे लागते. व्यावसायिक खेळाडूंसाठी हे काम २०१० पासून फिफाच्या संगणक प्रणालीतूनच होते. या व्यवहारात प्लेअर पासपोर्ट नावाचा एक कागद असतो. प्रवासाच्या पासपोर्टशी त्याचा काही संबंध नाही. खेळाडूच्या बाराव्या वाढदिवसाच्या वर्षापासून तो कोणकोणत्या क्लबकडे, कोणत्या तारखेपासून कोणत्या तारखेपर्यंत नोंदलेला होता आणि त्या वेळी तो हौशी होता, व्यावसायिक होता की उसना दिलेला होता, याची त्यात ओळीने नोंद असते. बारा वर्षांच्या मुलाच्या गावातल्या क्लबचे नाव त्यात पहिल्या ओळीवर दिसते आणि या नावाला पैशाचे मोल आहे. करार चालू असताना खेळाडू परदेशी क्लबला विकला गेला तर रकमेच्या पाच टक्के वाटा त्याला बारा ते तेवीस या वयात घडवणाऱ्या क्लबांमध्ये वाटला जातो. ब्राझीलमधले लहान क्लब एखादा मुलगा पुढे जावा म्हणून जिवाचे रान करतात, त्यामागे खेळाच्या प्रेमाइतकेच हेही कारण आहे. करार संपल्यावर तो फुकट गेला तर त्या वाट्याला रक्कमच उरत नाही.

आता मोरित्झकडे वळू. तो २०१२ मध्ये क्रिस्टल पॅलेसला गेला तेव्हा डगी फ्रीडमन तिथले व्यवस्थापक होते. त्याच मोसमात फ्रीडमन बोल्टनला निघून गेले. मे २०१३ मध्ये पॅलेसने वेम्बलीवर वॉटफर्डला हरवून प्रीमियर लीगमध्ये, म्हणजे इंग्लंडच्या सर्वोच्च श्रेणीत, प्रवेश मिळवला आणि त्याच उन्हाळ्यात मोरित्झ बोल्टनला, म्हणजे पुन्हा फ्रीडमन यांच्याच हाताखाली दाखल झाला. नुसते क्लब पाहिले तर हा माणूस वर चढलेल्या संघातून खाली उतरला असे वाटते. माझ्या मते ज्याचा आपल्या खेळावर विश्वास आहे अशा प्रशिक्षकाकडे जाणे हा मधल्या फळीतल्या खेळाडूसाठी अत्यंत व्यवहारी निर्णय होता. मुंबईतही हेच सूत्र उलट्या बाजूने दिसते. २०१४ मध्ये पीटर रीड प्रशिक्षक होते, संघ आठांमध्ये सातवा आला, रीड गेले आणि २०१५ मध्ये आनेल्का खेळाडू व प्रशिक्षक अशा दोन्ही भूमिकांत आले. नवा प्रशिक्षक आला की परदेशी खेळाडूंची यादी बहुधा नव्याने लिहिली जाते, कारण त्या जागा मोजक्याच असतात. त्या वेळी आयएसएलमध्ये मैदानावर एका वेळी सहा परदेशी खेळाडू चालत. आज ती संख्या त्याहून कमी आहे.

आणखी एक तारीख पाहण्यासारखी आहे. आयएसएलचा पहिला मोसम १२ ऑक्टोबरला सुरू झाला आणि २० डिसेंबरला संपला. कोरियाचा मोसम तेव्हा मार्चमध्ये सुरू होत असे. इथला करार संपवून, विश्रांती घेऊन, पोहांगच्या पूर्वतयारीला हजर राहायला हा काळ चपखल बसतो. दक्षिण कोरियात परदेशी खेळाडूंसाठी तेव्हा तीन आणि आशियाई खेळाडूसाठी एक अशी मर्यादा होती. क्लबच्या तीन जागांपैकी एक आपल्याला मिळणे ही काही किरकोळ गोष्ट नव्हे.

ऐरोलीची_मोहनबागानवाली यांचे उत्तर

वरची दोन्ही उत्तरे मला पटतात, तरीही एका जागी राहण्याचे मोल त्यात थोडे कमी लेखले गेले आहे असे वाटते. माझे माहेर कोलकात्याचे आणि लग्नानंतर मी ऐरोलीची झाले. आमच्या घरी ब्राझीलचा खेळाडू म्हटले की होजे रामिरेझ बॅरेटो हे एकच नाव निघे.

बॅरेटोही पोर्तु आलेग्रेचाच, पण ग्रेमियोच्या म्हणजे इंटरनॅसिओनालच्या हाडवैरी क्लबच्या तालमीत वाढलेला. १९९९ मध्ये तेविशीच्या आसपास तो कोलकात्याच्या मोहन बागान क्लबला आला. राष्ट्रीय लीगची १९९९-२००० आणि २००१-०२ ही विजेतेपदे त्याच्या काळातली आहेत. पुढे मलेशियात पेनांगला जाऊन आल्यावर त्याने २००५-०६ चा मोसम मुंबईच्या महिंद्रा युनायटेडकडून खेळला आणि डेरिक परेरा यांच्या मार्गदर्शनाखालील त्या संघाने त्या वर्षी राष्ट्रीय लीग जिंकली. ठाण्या-मुंबईतल्या जुन्या प्रेक्षकांनी त्याला कूपरेजवर पाहिले असेल. नंतर तो पुन्हा मोहन बागानला परतला आणि मे २०१२ मध्ये पुणे एफसीविरुद्धच्या सामन्यात युवभारती क्रीडांगणावर त्याने त्या क्लबचा निरोप घेतला. लोक त्याला 'सबुज तोता' म्हणत, म्हणजे हिरवा पोपट. माझ्या वडिलांनी त्याला कधी परदेशी खेळाडू म्हटल्याचे मला आठवत नाही.

त्याच काळातला दुसरा ब्राझीलचा खेळाडू क्रिस्तियानो ज्युनियर. ईस्ट बंगालकडून खेळून तो गोव्याच्या डेम्पोकडे गेला. ५ डिसेंबर २००४ रोजी बंगळूरच्या कंठीरवा स्टेडियमवर फेडरेशन चषकाच्या अंतिम सामन्यात त्याने मोहन बागानविरुद्ध संघाचे दोन्ही गोल केले. दुसरा गोल करताना गोलरक्षकाशी टक्कर होऊन तो कोसळला आणि त्याचा मृत्यू झाला. घरापासून हजारो मैलांवर, पोटासाठी खेळायला आलेला तरुण माणूस. आम्ही बागानवाले असूनही त्या रात्री घरात कोणी जेवले नाही. परदेशातल्या कारकिर्दीविषयी बोलताना करार, जागा आणि तारखा यांबरोबर हेही बोलले गेले पाहिजे की मैदानाशेजारी रुग्णवाहिका आणि हृदयाला झटका देणारे यंत्र आहे की नाही, हे त्या खेळाडूच्या हातात नसते. दुसऱ्याच्या देशात तो त्या देशाच्या व्यवस्थेवर विसंबून असतो.

म्हणून मोरित्झला मी कमी लेखत नाही, पण बॅरेटोसारखी मुळे रुजणे हे दुर्मिळ असते आणि त्याला खेळाडूइतकाच क्लबही कारणीभूत असतो, हे भाच्याला अवश्य सांगावे.

नेरुळकर_सेक्टर१९ यांचा प्रतिसाद

तिघांचेही मनःपूर्वक आभार. प्लेअर पासपोर्टविषयी वाचून भाचा गप्प झाला आणि आपली बाराव्या वर्षापासूनची नोंद कुठे असेल, असे विचारू लागला. तो आता पंधरा वर्षांचा आहे. परदेशात चाचणीला पाठवतो असे सांगून पैसे मागणारे एक गृहस्थ त्याच्या अकादमीतल्या पालकांना भेटत आहेत. ताई, बॅरेटो नंतर आपल्या भागात आले होते असे ऐकले, ते खरे का?

ऐरोलीची_मोहनबागानवाली यांचे उत्तर

हो, खरे आहे. निवृत्तीनंतर २०१४ मध्ये ते अॅटलेटिको दे कोलकाताच्या प्रशिक्षक वर्गात होते आणि पुढे रिलायन्स फाउंडेशनच्या यंग चॅम्प्स या निवासी अकादमीत मुले निवडण्याच्या आणि घडवण्याच्या कामात आले. ती अकादमी घणसोलीला, म्हणजे ऐरोली आणि नेरुळच्या मधेच आहे. ग्रेमियोत वाढलेल्या माणसाने नवी मुंबईत मराठी, मिझो आणि बंगाली मुलांना शिकवावे, हाही त्याच फिरतीच्या कारकिर्दीचा भाग आहे.

फॉर्म_तपासनीस (घोडबंदर) यांचे उत्तर

नेरुळकर साहेब, त्या गृहस्थांना एकही रुपया देऊ नये. फिफाच्या नियमांतील कलम १९ नुसार अठरा वर्षांखालील खेळाडूचे आंतरराष्ट्रीय हस्तांतर मुळात बंद आहे. पालक फुटबॉलशी संबंध नसलेल्या कारणाने त्या देशात राहायला गेले असतील, अशासारखे मोजके अपवाद आहेत आणि त्यांनाही फिफाची मंजुरी लागते. युरोपीय संघाच्या हद्दीतली सोळा ते अठरा वयाची सवलत तिथल्या अंतर्गत हस्तांतरांसाठी आहे. नवी मुंबईतल्या मुलाला ती लागू होत नाही. ब्राझीलमधली नावाजलेली मुलेदेखील याच कारणाने अठरा पूर्ण झाल्यावरच युरोपात रुजू होतात. व्हिनिसियस ज्युनियरचा व्यवहार २०१७ मध्ये ठरला आणि तो रेआल माद्रिदला २०१८ च्या जुलैत, अठरावा वाढदिवस झाल्यावर गेला.

भाच्याच्या नोंदीसाठी अकादमीला दोन गोष्टी लेखी विचाराव्यात. त्याची नोंदणी जिल्हा संघटनेकडे आणि अखिल भारतीय फुटबॉल महासंघाच्या प्रणालीत झाली आहे का, आणि कोणत्या तारखेपासून? पुष्कळ अकादम्या शुल्क घेतात, पण मुलाची नोंदणी करत नाहीत. तसे असेल तर प्लेअर पासपोर्टमधल्या त्या ओळी कोऱ्याच राहतात. नोंदणी क्रमांक मिळाला की इथे कळवावे, तारखा कशा पडताळायच्या ते मी सविस्तर लिहितो.