मदत हवी आहे: खाणीचं आम्लपाणी, चुनखडीचा चर फेल गेला

मंडळी, मी मूळचा वणीचा, सध्या कामानिमित्त मेघालयात, जैंतिया टेकड्यांत. हरित लवादाने एप्रिल २०१४ मध्ये इथल्या उंदीरबिळांसारख्या कोळसा खाणींवर बंदी घातली, पण सोडून दिलेल्या बिळांतून पाणी वाहतंच आहे. गावाच्या वरच्या अंगाला अशाच एका बिळातून पाटाएवढी धार येते. पीएच २.९. ओढ्यातले दगड विटकरी झालेत, मासा-खेकडा काही नाही.

असं का होतं ते माहीत आहे. कोळशातल्या पायराइटला (लोह-गंधकाच्या खनिजाला) हवा-पाणी लागलं की गंधकाम्ल तयार होतं आणि फेरस लोह (पाण्यात विरघळून राहणारं) सुटतं. हवेने त्या फेरसचं फेरिक (आम्ल उतरलं की तांबडा गाळ होऊन बसणारं लोह) झालं की ते फेरिकच उरलेलं पायराइट खायला लागतं. आम्लात हे फेरिक होणं एरवी अगदी संथ. ॲसिडिथायोबॅसिलस जिवाणू त्याला पळवतात.

आम्ल मारणारी चुनखडी इथे मुबलक. म्हणून फेब्रुवारीत ३० मीटर चर खणून मुठीएवढे तुकडे भरले. पहिल्या आठवड्यात पीएच ४.६ आला, आम्ही खूश. दीड महिन्यात परत ३.२! एक दगड उचलून नखाने खरवडला तर तांबडा पापुद्रा निघाला. फोडून आतल्या करड्या भागावर पातळ हायड्रोक्लोरिक आम्ल टाकलं, फसफसलं. लेपावर टाकलं, ढिम्म. म्हणजे चुनखडी आहे, पाण्याला भेटतच नाही.

सहकारी म्हणतो, चर प्लास्टिक-माती घालून हवाबंद करू. करावा का? चुन्याची भुकटी रोज टाकायला माणूस नाही, पैसेही नाहीत.

प्रतिसाद: थांबा, झाकू नका! हवाबंद चर चालतो तो लोह फेरस असेल तरच. बिळाच्या तोंडाशीच विरघळलेला ऑक्सिजन मोजा, फेरस-फेरिक वेगळं काढा, ॲल्युमिनियमही बघा. ऑक्सिजन लिटरला १ मिलिग्रॅमच्या वर असेल किंवा फेरिक आधीच असेल, तर दगडांवर बसलाय तोच लोहाचा गाळ आत बसून चर तुंबेल आणि सगळं उकरत बसाल. उघड्या चराला तीव्र उतार लागतो, म्हणजे पाण्याच्या जोराने दगड घासले जातात. तुमचा उतार किती?

धागाकर्ता: ३० मीटरला जेमतेम अर्धा मीटर. तिथेच चुकलं म्हणायचं. आज मोजलं, ऑक्सिजन ४. फेरस-फेरिकचा नमुना शिलाँगला पाठवलाय.

प्रतिसाद: मग उभ्या प्रवाहाचं तळं करा. तळाला चुनखडी आणि निचऱ्याचे पाइप, वर कंपोस्टचा थर, त्यावर पाणी साचलेलं. पाणी कंपोस्टमधून खाली झिरपताना ऑक्सिजन संपतो, फेरिकचं परत फेरस होतं, चुनखडीवर लेप बसत नाही. बाहेर पडलेलं लोह पुढच्या तळ्यात हवा लागून बसू द्या. पण पाणी आपसूक उतरायला दोनेक मीटर उंची हवी. शिवाय बिळाबाहेरच्या ढिगाऱ्याकडे येणारं पावसाचं पाणी वरूनच चर मारून वळवा; ते स्वस्तातलं काम आधी.

धागाकर्ता: खालच्या बांधाला तेवढी उंची मिळेल. शेणखत इथे विकत घ्यावं लागतं, पण अळंबीवाल्यांकडे वापरून झालेलं कंपोस्ट फुकट पडलंय. ते चालेल का? आणि थर किती जाड घालू?