पावसाळ्यातला बीओडी आणि रोजचा भार

जुलैत सांडपाण्याचा बीओडी (पाण्यातली सेंद्रिय घाण कुजवायला जीवाणूंना लागणारा ऑक्सिजन, म्हणजे घाणीचं माप) २५० वरून १२५ मिलिग्रॅम प्रति लिटरवर आला म्हणून प्रदूषण निम्मं झालं, असं कोणी म्हटलं तर ते मला अजिबात पटत नाही. रोजचा भार, म्हणजे दिवसभरात येणारी एकूण घाण, काढायचं सूत्र असं: बीओडी गुणिले रोजचे घनमीटर, भागिले १०००, म्हणजे किलो. आता मुंबईत पावसाळ्यात चेंबरच्या फटींतून आणि जुन्या पाइपांच्या सांध्यांतून भरपूर पाणी मलवाहिनीत शिरतं. हजार माणसांच्या सोसायटीचं सांडपाणी १०८ घनमीटर धरलं, तर २५० ने भार येतो २७ किलो. पावसात प्रवाह २१६ झाला आणि बीओडी १२५, तरी २७ किलोच! माणसं तीच, तर घाण कमी कशी होईल? आपल्याकडे सांडपाणी प्रक्रिया केंद्राच्या आराखड्यासाठी माणशी रोज २७ ग्रॅम बीओडी धरतात, त्याच्याशीही हे जुळतं. त्यामुळे नुसता लॅबचा रिपोर्ट दाखवून कोणी सुधारणा झाल्याचं सांगत असेल, तर त्याच दिवसाचं फ्लोमीटरचं (प्रवाह मोजणाऱ्या यंत्राचं) रीडिंग आधी मागा.

दुसरं, नमुना एकाच वेळी घेऊ नका. सकाळी आंघोळी-धुण्याच्या वेळचं पाणी आणि पहाटे तीनचं पाणी यांत खूप फरक असतो. दर तासाला नमुना घ्यावा आणि त्या तासाच्या प्रवाहाच्या प्रमाणात मिसळावा. आमच्या संकुलात असं सुरू केल्यावरच आकडे महिन्यागणिक उड्या मारायचे थांबले. आणि हो, आपल्या लॅब बहुधा २७ अंशांवर ३ दिवसांची बीओडी चाचणी करतात. परदेशी तक्ते २० अंशांवरच्या ५ दिवसांचे असतात, तुलना करताना तेवढं बघा.