भ्रष्ट अधिकाऱ्यावर कारवाई व्हावी म्हणून थेट हायकोर्टात जाणं योग्य आहे का?

सडेतोड (धागाकर्ता)
तक्रार पुराव्यांसकट जाते आणि खातं ढिम्म हलत नाही. अशा वेळी राज्यघटनेच्या कलम २२६ खाली (सरकारला आदेश देण्याचा हायकोर्टाचा अधिकार) याचिका करून 'या अधिकाऱ्यावर शिस्तभंगाची कारवाई करा' असं मागावं का? माझं मत, जरूर मागावं. विभागीय चौकशीत, म्हणजे खातं स्वतःच्या कर्मचाऱ्याची करतं त्या चौकशीत, तक्रारदाराला स्थानच नसतं, फार तर साक्षीदार म्हणून बोलावतात. माहिती अधिकारात विचारायला जावं, तर नोटिसा आणि शिक्षेचे आदेश ही कर्मचाऱ्याची वैयक्तिक माहिती आहे, व्यापक जनहित दाखवल्याशिवाय ती मिळणार नाही, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१२ मध्येच सांगून ठेवलंय. म्हणजे आपल्या तक्रारीचं काय झालं हेही कळायची सोय नाही.

त्यात महाराष्ट्राच्या १९८२ च्या निवृत्तिवेतन नियमांतला नियम २७ बघा. माणूस निवृत्त झाल्यावर चौकशी सुरू करायची तर घटना चार वर्षांच्या आतली हवी. फाईल दाबणाऱ्याला वेगळं काही करावंच लागत नाही, तो निवृत्त होईपर्यंत गप्प बसलं की झालं.

माजी चौकशी अधिकारी
साफ असहमत. कोर्टाची तारीख लागली की वरून फोन येतो, 'त्याआधी दोषारोपपत्र बजावा.' मग त्याची चारही जोडपत्रं (आरोप, त्यांचा तपशील, कागदपत्रांची यादी, साक्षीदारांची यादी) घाईघाईत भरली जातात. माझ्यासमोर आलेल्या एका प्रकरणात मोजमाप पुस्तिकेतल्या (झालेल्या कामाची मापं लिहायच्या वहीतल्या) खोट्या नोंदींचा आरोप होता आणि मूळ पुस्तिका कुणी मागवलीच नव्हती. सगळं झेरॉक्सवर. बचाव सहाय्यकाने पहिल्याच सुनावणीत मूळ प्रत मागितली. साक्षीदारांच्या यादीत ज्यांची नावं होती, त्यांनी तर ती पुस्तिका कधी पाहिलेलीही नव्हती. अशा चौकशीतून शिक्षा झाली तरी 'मॅट'मध्ये, म्हणजे कर्मचारी दाद मागतात त्या महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, टिकत नाही. दोषी माणूस निर्दोष म्हणून मिरवतो, आणि हे घाईमुळे होतं.

रानवारा
सर, घाईचं बोलताय? माझ्या तक्रारीवर 'नियमोचित कार्यवाहीसाठी' असा शेरा मारून ती खाली खाली पाठवत गेले. शेवटी कुणाकडे गेली माहितीये? ज्याच्याविरुद्ध होती त्याच्याचकडे, 'अभिप्रायार्थ'! माझं नाव, पत्ता, जोडलेल्या पावत्या, सगळं त्याच्या टेबलावर. पुढच्याच आठवड्यात त्याचा माणूस माझ्या दारात उभा. त्यानंतर कोर्टाशिवाय कुठे जायचं होतं मी?

काळा कोट
रानवारा, तुमचा संताप रास्त आहे. पण कायद्याची बाजूही ऐका. सेवाविषयक बाबींत जनहित याचिका चालत नाही, हे सर्वोच्च न्यायालयात दुर्योधन साहू प्रकरणात १९९८ मध्येच ठरलंय. शिक्षा द्यायची की नाही हा मालक आणि नोकर यांच्यातला विषय. राज्यघटनेच्या कलम ३११ प्रमाणे आरोप कळवून बाजू मांडायची संधी दिल्याशिवाय बडतर्फही करता येत नाही. शिवाय अशा याचिकांमागे कोण असतं तेही पाहा. बिल अडवलं म्हणून चिडलेला ठेकेदार असतो, बढतीच्या रांगेत मागे राहिलेला सहकारी असतो. आरोप सिद्ध होण्याआधीच पेपरात नाव छापून येतं आणि पुढे याचिका फेटाळली गेली तरी तो डाग पुसला जात नाही.

सडेतोड
'निलंबित करा, बडतर्फ करा' असं कोर्टाने सांगावं हे मलाही मान्य नाही. मागणी एवढीच असावी की तक्रारीवर ठरावीक मुदतीत निर्णय घ्या, चौकशी करणार नसाल तर कारणं लेखी द्या. अधिकाऱ्यावर फौजदारी खटला भरायला सरकारची मंजुरी लागते, तिच्यासाठी भ्रष्टाचार प्रतिबंधक कायद्यात २०१८ च्या दुरुस्तीने तीन महिन्यांची मुदत आली, कायदेशीर सल्ला लागला तर आणखी एक महिना. विभागीय चौकशी शक्यतो सहा महिन्यांत, फार तर वर्षभरात संपवा, असं सर्वोच्च न्यायालयाने २०१५ मध्ये सांगितलं. ते तरी पाळा म्हणायला काय हरकत आहे?

काळा कोट
तो निकाल कर्मचाऱ्याच्याच अपिलावर आला होता. तो वर्षानुवर्षं निलंबित होता आणि त्याची फरफट थांबावी हा हेतू होता. तक्रारदाराला तो हत्यार म्हणून वापरता येईल असं गृहीत धरू नका.

रानवारा
चौकशी रखडली तर नुकसान फक्त कर्मचाऱ्याचं होतं का?

माजी चौकशी अधिकारी
मुदतीत निर्णय मागायला माझाही विरोध नाही. पण मुदत प्राथमिक चौकशीसाठी मागा आणि मूळ कागद आधी ताब्यात घ्यायला सांगा. दोषारोपपत्राची तारीख कोर्टाने ठरवू नये, यावर मी ठाम आहे.

सडेतोड
मूळ कागदांचा मुद्दा घेतला. तारखेबद्दल मात्र नाही. निवृत्ती तोंडावर आली असेल तर दोषारोपपत्रालाही मुदत हवीच, नाहीतर नियम २७ आडवा येतो. आणि प्रतिज्ञापत्र शिस्तभंगविषयक प्राधिकाऱ्याच्या (शिक्षा देण्याचा अधिकार असलेल्या वरिष्ठाच्या) स्वतःच्या सहीचं मागायचं. कुठल्या तरी कक्ष अधिकाऱ्याच्या सहीचं चालणार नाही.

काळा कोट
मागा. पण ज्याच्यावर आरोप आहे त्यालाही प्रतिवादी करा. नाहीतर आवश्यक पक्षकार नाही म्हणून याचिका पहिल्याच तारखेला अडकेल, आणि त्याचं म्हणणं ऐकल्याशिवाय आदेश मिळाला तरी टिकणार नाही.